मल्याळी चित्रपटांतील घर

मल्याळी चित्रपटाची स्तुति करावयाची झाली म्हणजे आपल्याकडे एक वाक्य हमखास ओठांवर येतें : "या चित्रपटांना मातीचा वास आहे." हें वाक्य मीं स्वतःही पुष्कळदां उच्चारलें आहे, आणि तें अगदींच खोटें आहे असें आजही मला म्हणवत नाहीं. २०२० च्या टाळेबंदीपासून महाराष्ट्रांतल्या मध्यम वर्गाच्या कुटुंबांत मल्याळी चित्रपट पाहण्याचा परिपाठ चांगलाच रुळला आहे. भाषेचें एक अक्षर कळत नसतांही माणसें पडद्याच्या तळाशीं उमटणारीं इंग्रजी अक्षरें वाचीत दोन दोन तास बसतात, आणि शेवटीं "काय खरीं माणसें दाखविलीं आहेत!" असा उद्गार काढून उठतात. परक्या प्रांतांतल्या कलाकृतींविषयीं आपल्या घराघरांत असें कौतुक निर्माण व्हावें ही आनंदाचीच गोष्ट आहे. परंतु हें कौतुक नक्की कशाचें आहे, तें एकदां तपासून पाहिलें पाहिजे. कारण मातीचा वास म्हणून जें आपण नाकाशीं धरतों तें पुष्कळ वेळां पाणी, नारळीचीं झाडें, पावसाळी आभाळ आणि कौलारू छपरें एवढेंच असतें. एवढ्यावर प्रदेशाची संस्कृति चित्रपटांत उतरली असें म्हणावयाचें असेल, तर प्रवाशांना बोलावण्यासाठीं काढलेलीं जाहिरातचित्रें हींच त्या भाषेंतलीं सर्वश्रेष्ठ चित्रें ठरतील!

माझें म्हणणें असें आहे कीं, मल्याळी चित्रपट ज्या ज्या वेळीं खरोखर मोठा झाला, त्या त्या वेळीं तो घरामुळें मोठा झाला. आपल्या प्रांतांतल्या घराचा दरवाजा आंतून लावून घेऊन त्या घराशींच भांडण्याचें धैर्य त्यानें वारंवार दाखविलें आहे. भाषा परकी असूनही तो आपल्याला जवळचा वाटतो याचें कारण हें भांडण होय. आणि त्याचा जो मोठा दोष मला दिसतो, तोही याच भांडणाच्या मर्यादेंत आहे. त्या दोषाकडे मी मागाहून वळणार आहें.

अडूर गोपालकृष्णन् यांचा 'एलिप्पत्तायम्', म्हणजे 'उंदराचा पिंजरा', हा १९८१ सालचा चित्रपट मीं प्रथम पाहिला तो पुण्याच्या एका चित्रपट-मंडळांत. पुण्यांत तो पाहण्यास एक औचित्यही होतें. कारण अडूर हे पुण्याच्याच चित्रपट-शिक्षणसंस्थेंत, प्रभात कंपनीच्या जुन्या आवारांत, शिकून १९६५ सालीं बाहेर पडले. त्या दिवशीं चित्रपट पाहून मी घरीं परतलों तो एका जुन्या घराचें चित्र डोळ्यांत साठवून : लांकडी खांब, ओसरी, मागचें तळें, कंदिलाचा उजेड, पावसाची संततधार. एका पडक्या जमीनदारी घराण्याचें हें शोकगीत आहे असें मीं चार मित्रांना मोठ्या ऐटींत सांगितलें. पुढें कांहीं वर्षांनीं तोच चित्रपट पुन्हां पाहिला आणि मला स्वतःची लाज वाटली. त्या घरांत राजम्मा नांवाची एक बाई राहते, आणि ती मला पहिल्या वेळीं दिसलीच नव्हती.

घराचा कर्ता उण्णि. त्याच्या तीन बहिणी. थोरली जानम्मा लग्न होऊन गेलेली आहे आणि अधूनमधून येऊन आपला वांटा मागते. धाकटी श्रीदेवी उंदीर सापडला कीं पिंजरा घेऊन तळ्यावर जाते आणि तो पाण्यांत बुडवून येते. मधली राजम्मा उण्णीसाठीं पाणी तापविते, त्याचें जेवण वाढते, त्याची हांक आली कीं हातांतलें काम टाकून धांवते. तिच्यासाठीं आलेलीं स्थळें उण्णि परतवून लावतो. कारण ती गेली तर त्याचें पाणी कोण तापविणार? उण्णि मात्र वर्तमानपत्र वाचतो आणि लहानशा कात्रीनें मिशा कातरीत बसतो. एका लग्नाला म्हणून तो घरांतून निघतो, वाटेंत चिखलाचें डबकें लागतें. तें ओलांडण्याचा धीर न होऊन तो माघारी घरीं येतो. हा एवढासा प्रसंग दिग्दर्शकानें कसलीही घाई न करतां दाखविला आहे. प्रेक्षागृहांत त्या वेळीं थोडें हंसूं आलें, तें मला आठवतें. हंसणारांत मीही होतों.

आतां येथें मराठी वाचकानें एक गोष्ट ध्यानांत घेतली पाहिजे. नाहीं तर उण्णि हा आपल्या कथाकादंबऱ्यांतल्या आळशी जहागीरदारांपैकीं एक होऊन बसतो. केरळांतल्या नायर व इतर कांहीं जातींत मरुमक्कत्तायम् नांवाची रीत होती. तीप्रमाणें वंश आईकडून चाले आणि मालमत्ताही आईच्याच वंशांत राही. अशा एकत्र घराला तरवाड म्हणत. घर बहिणींचें आणि त्यांच्या लेकरांचें. त्यांचा वडील भाऊ किंवा मामा हा त्याचा कारभारी, कारणवन्. विसाव्या शतकांत एकामागून एक कायदे होत गेले, तरवाडांच्या वांटण्या झाल्या, आणि अखेरीस केरळच्या १९७५ सालच्या कायद्यानें एकत्र कुटुंबाची ही पद्धति मुळांतूनच रद्द झाली. हें ठाऊक असलें म्हणजे चित्रपटाचा अर्थच पालटतो. आपल्याकडे बहीण वांटा मागते तेव्हां ती भावाच्या घरांत हात घालते असें आपले लोक मानतात. उण्णीच्या घरांत जानम्मा वांटा मागते तो तिच्या आईच्या घराचा. ज्या घराची विश्वस्तकी त्याच्याकडे होती त्या घराच्या खऱ्या मालकिणीलाच उण्णीनें मोलकरीण करून ठेवलें आहे. कायदा बदलला, जमीन गेली, अधिकाराचें कारण नाहींसें झालें. परंतु हांक मारली कीं कोणी तरी उठून यावें ही संवय राहिली. राजम्मा आजारी पडून तिला उचलून नेतात तेव्हां त्या घरांत हांकेला ओ देणारें कोणी उरत नाहीं, आणि हांक मारण्यापलीकडे ज्याला कांहींच येत नाहीं असा माणूस खोलींत कोंडून घेऊन बसतो. शेवटीं गांवकरी त्याला रात्रीं उचलून नेऊन त्याच तळ्यांत फेंकतात. उंदराप्रमाणेंच, फक्त तो कुडकुडत वर येतो.

या चित्रपटाला ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटचें सदरलँड पारितोषिक मिळालें. परदेशस्थ रसिकांना मरुमक्कत्तायम् कितपत समजलें असेल याचा मला संशय आहे, आणि तें समजलें नसलें तरी उण्णि त्यांना समजला हेंही उघड आहे. मात्र अडूर यांनीं त्यांच्या सोयीसाठीं एक वाक्यही स्पष्टीकरणाचें घातलें नाहीं. हा स्वाभिमान मला फार मोलाचा वाटतो.

घराशीं असें भांडण मांडणारे अडूर हे पहिले नव्हत. एम्. टी. वासुदेवन् नायर यांचा 'निर्माल्यम्' हा १९७३ सालचा चित्रपट देवळाचा म्हणून ओळखला जातो. पण देऊळ तेथें निमित्त आहे. देवीचा संचार अंगांत घेणारा वेलिच्चप्पाड, ओस पडलेलें देवस्थान, घरांत पोटाची आग. अखेरच्या उत्सवांत नाचत असतां तो तलवारीनें स्वतःचें कपाळ फोडून घेतो आणि तोंडांतलें रक्त देवीच्या मूर्तीवर थुंकतो. तो क्रोध देवीवर आहे, तितकाच आपल्या चुलीवरही आहे. कारण ती चूल पेटती ठेवण्यासाठीं आपल्या बायकोला काय करावें लागलें, तें त्याला नुकतेंच कळलेलें असतें. ही भूमिका करणारे पी. जे. अँटनी यांना उत्कृष्ट अभिनयाचें राष्ट्रीय पारितोषिक मिळालें तें सर्वस्वी योग्यच होतें.

'चेम्मीन'विषयीं मला थोडक्यांतच लिहावयाचें आहे, आणि तें लिहितांना कांहीं वाचकांचा रोष पत्करावा लागेल हें मी जाणतों. तकळी शिवशंकर पिळ्ळै यांची कादंबरी १९५६ सालची, रामु कारियाट यांचा चित्रपट १९६५ सालचा, आणि राष्ट्रपतींचें सुवर्णपदक मिळविणारा दक्षिणेंतला तो पहिला चित्रपट. मातीचा वास हा वाक्प्रयोग खरोखर येथूनच सुरू झाला असावा. गंमत अशी कीं, त्याचें संगीत सलिल चौधरी या बंगाली संगीतकाराचें, त्यांतलें सर्वांत गाजलेलें एक गाणें गाणारे मन्ना डेही बंगाली, आणि चित्रपटाचें संकलन हृषीकेश मुकर्जी यांचें. प्रादेशिकता ही सोंवळ्यांत ठेवण्याची वस्तु नव्हे याचा याहून चांगला पुरावा नको. परंतु समुद्र त्यांत इतका सुंदर दिसतो कीं, किनाऱ्यावरच्या बाईच्या शीलावर समुद्रांतल्या नवऱ्याचा जीव अवलंबून आहे या भयंकर समजुतीशीं भांडण करण्याचें चित्रपटाला भान राहत नाहीं. शेवटीं समुद्र ती समजूत खरी करून दाखवितो, आणि आपण त्या दृश्याच्या सौंदर्यानें भारून टाळ्या वाजवितों. करुत्तम्माचा जीव गेला तो गेलाच.

याच्या उलट दिशेनें जाणारा, आणि म्हणूनच मला अधिक प्रिय असलेला चित्रपट म्हणजे मधु सी. नारायणन् यांचा 'कुंबळंगी नाइट्स'. श्याम पुष्करन् यांनीं लिहिलेला हा चित्रपट २०१९ सालचा. कोचीजवळच्या कुंबळंगी गांवांत दोन घरें आहेत. एक चार भावांचें, ज्याला दार नाहीं, भिंतींना गिलावा नाहीं आणि जेथें आई राहत नाहीं. धाकटा फ्रँकी तर म्हणतो कीं, सबंध पंचायतींत याहून वाईट घर नाहीं. दुसरें घर नीटनेटकें. तेथें शम्मी राहतो. तो खरें पाहतां त्या घरचा घरजावई. घर त्याच्या बायकोच्या माहेरचें. तरी आल्यादिवसापासून तो तेथें कुटुंबप्रमुख होऊन बसला आहे. धंद्यानें तो केशकर्तनकार. आरशासमोर उभें राहून तो मिशांवरून हात फिरवितो, स्वतःवर खूष होतो, आणि आरशाला चिकटलेली बाईची टिकली पात्यानें खरवडून काढून टाकतो. हें दृश्य पाहिलें तेव्हां मला उण्णीची लहानशी कात्री आठवली. मधें अडतीस वर्षें गेलीं. तरवाड गेलें, जमीन गेली, जात पालटली, धर्म पालटला. पण आरसा आणि मिशी कायम आहेत! फरक इतकाच कीं, उण्णि निरुपद्रवी वाटत होता आणि शम्मी पहिल्यापासून भीतिदायक वाटतो. अखेरीस भाऊ त्याच्यावर मासे पकडण्याचें जाळें टाकतात. आणि दार नसलेल्या त्या घरांत एकेक बाई आपखुषीनें राहावयास येत जाते, तसतसें तें घर माणसांत येऊं लागतें.

यानंतर दोनच वर्षांनीं, जानेवारी २०२१ मध्यें, जिओ बेबी यांचा 'द ग्रेट इंडियन किचन' आला. चित्रपटगृहें धड चालू नव्हतीं, तेव्हां तो लोकांनीं आपापल्या घरांत पाहिला, आणि घरांत पाहण्याइतकें योग्य स्थळ त्याला दुसरें नव्हतें. त्याची गोष्ट सांगण्याजोगी नाहींच. एक मुलगी लग्न होऊन येते. तिला चित्रपटभर नांव नाहीं. ती चिरते, किसते, ढवळते, घासते, पुसते. दुसऱ्या दिवशीं पुन्हां तेंच. सासरे सौम्य स्वभावाचे आहेत, आवाज चढवीत नाहींत. त्यांचें म्हणणें एवढेंच कीं भात चुलीवरचा हवा, कुकरांतला नको, आणि कपडे हातानें धुतलेले हवेत. पुरुष जेवून उठतात तेव्हां शेवग्याच्या शेंगांचा चोथा ताटाबाहेर टेबलावर पडलेला असतो, आणि त्याच टेबलाशीं बायका मागाहून बसतात. मोरीचा नळ गळतो. नळवाल्याला बोलवा असें ती नवऱ्याला रोज सांगते. शाळेंत समाजशास्त्र शिकविणाऱ्या त्या गृहस्थाच्या तें रोज लक्षांतून जातें. खरकट्या पाण्याची ती बादली म्हणजे या चित्रपटांतलें सर्वांत बोलकें पात्र होय.

हा चित्रपट सार्वत्रिक आहे, तो कोठेंही घडूं शकतो, असें पुष्कळांनीं लिहिलें. तें अर्धेंच खरें आहे. २०२५ सालीं त्याचें हिंदी रूपांतर आलें, तें उत्तरेकडच्या एका घरांत घडतें. आणि तें पाहतांना प्रादेशिक म्हणजे काय याचा उलगडा मला झाला. मूळ चित्रपटांत नवरा व सासरा शबरीमलच्या यात्रेचें व्रत घेतात. त्या काळांत विटाळशी बाईची सांवलीही त्यांना चालत नाहीं. २०१८ सालीं सर्वोच्च न्यायालयानें त्या देवळांत सर्व वयांच्या स्त्रियांना प्रवेश दिला आणि त्यावरून सबंध केरळ पेटलें होतें. तें वादळ त्या स्वयंपाकघराच्या खिडकीबाहेर चालूं आहे हें मल्याळी प्रेक्षकाला निराळें सांगावें लागत नाहीं. तिच्या हातून खरकटें पाणी शेवटीं ज्यांच्या अंगावर जातें ते नुसते नवरा आणि सासरा नव्हत. ते गळ्यांत माळ घातलेले व्रतस्थ पुरुष आहेत. हिंदी रूपांतरांत शबरीमल राहणें शक्यच नव्हतें. तें गेलें, आणि त्याबरोबर चित्रपटाचें धैर्यही बरेंचसें गेलें. उरली ती एका सुनेची दुःखकथा; चांगली, पण आपण अनेकदां पाहिलेली.

येथें एक घरगुती गोष्ट सांगतों. आमच्याकडे हा चित्रपट आम्ही सर्वांनीं मिळून पाहिला. संपल्यावर कोणी कांहीं बोललें नाहीं. थोड्या वेळानें चहाची आठवण झाली. आणि माझ्या ध्यानांत आलें कीं, कोण उठतें याची आम्ही सगळे वाट पाहत आहों.

आतां त्या दोषाकडे. घराशीं भांडण्यासाठीं आधीं घर असावें लागतें. मल्याळी चित्रपट ज्या घरांशीं भांडला तीं बहुतेक नायरांचीं, नंबूतिरींचीं, सुखवस्तु ख्रिस्ती लोकांचीं घरें होत. ज्यांना झोंपडीही कोणी नीट राहूं दिली नाहीं त्यांचें काय? हा प्रश्न त्या चित्रपटसृष्टीच्या जन्मापासून तिच्या दारांत उभा आहे. जे. सी. डॅनियल यांनीं आपली मालमत्ता विकून 'विगतकुमारन्' हा पहिला मल्याळी मूकपट काढला. त्रिवेंद्रमांत तो १९३० च्या सुमारास दाखविण्यांत आला. त्यांतल्या नायर स्त्रीची भूमिका पी. के. रोझी या पुलय जातीच्या, म्हणजे अस्पृश्य मानलेल्या समाजांतल्या मुलीनें केली होती. आपल्याकडे १९१३ सालीं दादासाहेब फाळक्यांना तारामतीच्या भूमिकेसाठीं स्त्री मिळाली नाहीं आणि साळुंके नांवाच्या पुरुषाकडून ती करवून घ्यावी लागली, ही हकीकत आपण मौजेनें सांगतों. त्रिवेंद्रमांत स्त्री मिळाली. तिची जात प्रेक्षकांना सोसली नाहीं. पडद्यावर दगड पडले, रोझीची झोंपडी जाळण्यांत आली आणि तिला प्रांत सोडून तामिळ मुलखांत पळून जावें लागलें, असें तेथील चित्रपटेतिहासाचे अभ्यासक लिहितात. तेथें नांव बदलून ती राहिली. पुन्हां पडद्यावर ती कधींच आली नाहीं.

पुढें १९५४ सालीं 'नीलक्कुयिल' आला. उरूब या नामांकित लेखकाची कथा, पी. भास्करन् व रामु कारियाट यांचें दिग्दर्शन. एक सवर्ण शिक्षक नीली नांवाच्या अस्पृश्य मुलीला फसवितो आणि सोडून देतो. राष्ट्रपतींचें रौप्यपदक मिळविणाऱ्या या चित्रपटापासून मल्याळी चित्रपट स्वतःच्या पायांवर उभा राहिला असें सर्व इतिहासकार म्हणतात, आणि त्याची कळकळ मलाही मान्य आहे. पण नीलीची भूमिका मिस कुमारी यांनीं केली, आणि त्या दलित समाजांतल्या नव्हत्या. पुलय मुलीनें नायर स्त्री होणें हा अपराध झाला होता. दुसरीनें पुलय मुलगी होणें हें कलेचें यश ठरलें. दोन प्रसंगांमध्यें पंचवीसच वर्षांचें अंतर आहे.

राजीव रवि यांचा २०१६ चा 'कम्मट्टिपाडम्' या बाबतींत पुष्कळ पुढें जातो. एर्नाकुलमच्या उंच इमारती ज्या भातशेतांवर उभ्या आहेत, तीं शेतें ज्यांच्या पायांखालून काढून घेतलीं त्यांची ती कथा. आणि विनायकन् यांनीं केलेला गंगा विसरतां येणें कठीण आहे. तरीही कथा सांगतो तो कृष्णन्, गंगेचा सवर्ण मित्र. गंगा मेल्यावरच आपल्याला त्याची गोष्ट ऐकूं येते, तीही दुसऱ्याच्या तोंडून. इतक्या प्रामाणिक चित्रपटालाही हा उंबरा ओलांडतां आला नाहीं, याचें मला उण्णीच्या डबक्याइतकेंच आश्चर्य वाटतें.

आणि पडद्यामागचें घर? २०१७ सालीं तेथील चित्रपट-व्यवसायांतल्या स्त्रियांनीं संघटना उभारली. त्यांच्या मागणीवरून सरकारनें न्यायमूर्ति हेमा यांच्या अध्यक्षतेखालीं समिति नेमली. समितीनें डिसेंबर २०१९ मध्यें अहवाल दिला. तो प्रसिद्ध झाला ऑगस्ट २०२४ मध्यें, तोही कांहीं मजकूर गाळून. लैंगिक छळाच्या गंभीर हकीकतींबरोबरच त्यांत एक साधी गोष्ट नमूद आहे : चित्रीकरणाच्या जागीं स्त्रियांना शौचकूप नसतात, कपडे बदलावयास आडोसा नसतो. शम्मीला जाळ्यांत पकडणारे आणि खरकट्या पाण्याच्या बादलीला वाचा देणारे चित्रपट ज्या व्यवसायांत निघाले, त्याच व्यवसायाची ही मोरी! तो अहवाल जवळजवळ पांच वर्षें कपाटांत पडून होता. नळवाल्याला बोलावण्याचें येथेंही रोज कोणाच्या तरी लक्षांतून जात असावें.

दुसरा मल्याळी मूकपट 'मार्ताण्डवर्मा' हा १९३३ सालचा. सी. व्ही. रामन् पिळ्ळै यांच्या कादंबरीवरून तो काढला होता. प्रकाशकानें हक्काबद्दल फिर्याद केल्यामुळें त्याचें प्रदर्शन थांबलें आणि प्रत जप्त झाली. त्या जप्तीमुळेंच ती वांचली असें म्हणतां येईल. आज ती आपल्या पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट-संग्रहालयांत आहे, पी. के. नायर या मल्याळी गृहस्थांनीं तें संग्रहालय नांवारूपाला आणलें आणि त्यांनींच ती तेथें आणविली. मल्याळी चित्रपटांवर प्रेम करणाऱ्या मराठी रसिकाला केरळांत न जातांही ती पाहण्याची खटपट करतां येईल. 'विगतकुमारन्'ची मात्र एकही प्रत शिल्लक नाहीं. डॅनियल यांच्या नांवानें केरळ सरकार १९९२ पासून आपलें सर्वोच्च चित्रपट-पारितोषिक देतें. रोझीच्या नांवानें स्त्रियांच्या त्याच संघटनेनें २०१९ सालीं एक चित्रपट-मंडळ काढलें. पडद्यावर ती कशी दिसत होती, कशी चालत होती, तें आतां कोणालाही पाहतां येणार नाहीं.